जाळीवरची सुरमई आणि लिंबू-शेपूचा बटर सॉस : आंबट नेमकं कधी घालायचं?

दर्याकाठ

तव्यावरच्या रवा लावलेल्या तुकडीवर इथे भरपूर लिहून झालंय. जाळीवर भाजलेल्या माशाची माहिती मात्र सुटी-सुटी पडली आहे, आणि त्याच्याबरोबरचा सॉस तर बहुतेक ठिकाणी 'बटर वितळवा, लिंबू पिळा' इतक्यावरच संपतो. त्याला सॉस म्हणता येत नाही. ताटात खाली आंबट पाणी उरतं आणि वर तूप तरंगतं. म्हणून सगळं एका जागी लिहितो आहे. प्रमाण चौघांचं.

मासा : सुरमईच्या मधल्या भागाच्या ४ तुकड्या, मिळून ८०० ग्रॅम. बाजारात तळणीच्या हिशोबानं बोटभरही जाड नसलेली तुकडी कापून देतात. तिला बाहेरून रंग येईपर्यंत ती आतून सुकून जाते. सुरी लागायच्या आधीच 'दीड बोट जाड' असं सांगायचं, म्हणजे २.५ सेंमी. कातडी ठेवायची.

मुरवणं दोन टप्प्यांत. आधी १० ग्रॅम बारीक मीठ (दोन छोटे सपाट चमचे, किंचित कमी) आणि पाव चमचा हळद चोळून तुकड्या ताटलीत उघड्याच, फ्रिजमध्ये अर्धा तास. सुटलेलं पाणी टाकून द्यायचं आणि प्रत्येक तुकडी कापडानं नीट कोरडी टिपायची. मग २ मोठे चमचे तेल, ५ लसूण पाकळ्या आणि २ हिरव्या मिरच्या ठेचून पिळलेला रस, अर्धा चमचा मिरपूड आणि एका लिंबाची किसलेली साल, हे लावून आणखी २० मिनिटं. लसणीचा चोथा लावू नका. निखाऱ्यावर तो मिनिटभरात काळा पडतो आणि कडवटपणा तुकडीला चिकटतो. लिंबाचा रस या टप्प्यावर अजिबात नाही. तो सगळा सॉसात.

विस्तव : दीड किलो कोळसा पेटवून त्याच्यावर राखेचा पांढरा थर चढू द्यायचा, साधारण २५ ते ३० मिनिटं. मग सगळे निखारे शेगडीच्या एका अर्ध्या भागात ओढायचे, दुसरा अर्धा मोकळा. जाळीच्या १२ सेंमी वर तळहात ३ ते ४ सेकंदच धरवला, तर आच बरोबर. जाळी रिकामीच ५ मिनिटं तापवून घासायची आणि तेलाच्या फडक्यानं दोनदा पुसायची.

भाजणं : निखाऱ्यांवर पहिली बाजू ४ ते ५ मिनिटं, हात न लावता. उलटून ३ ते ४ मिनिटं. मग मोकळ्या बाजूला सरकवून २ मिनिटं. मधल्या काट्यालगत सुरीचं टोक घालून बघायचं : मांस काट्यापासून सुटतंय पण अजून ओलसर चमक आहे, तेव्हा उतरवायचं. थर्मामीटर असेल तर ६० अंश सेल्सियस. ताटात ठेवल्यावर ते आणखी दोन-तीन अंश चढतं.

सॉस : २ बारीक चिरलेले सांबार कांदे आणि १०० मिली संत्र्याचा रस स्टीलच्या पातेल्यात आटवून ३० मिलीवर आणायचा. आच अगदी बारीक करून १ मोठा चमचा साय किंवा क्रीम, आणि मग बिनमिठाचं १०० ग्रॅम बटर, फ्रिजमधून काढलेलं, १ सेंमीचे तुकडे करून, एकेक घालत फेटत राहायचं. खाली उतरवल्यावर दीड मोठा चमचा लिंबाचा रस, अर्ध्या लिंबाची किसलेली साल, २ मोठे चमचे बारीक चिरलेला शेपू, १ चमचा कोथिंबीर, चिमूटभर मीठ.

सॉस तुकडीच्या खाली किंवा बाजूला. वरून ओतला की भाजलेली कातडी दोन मिनिटांत मऊ पडते आणि सगळी मेहनत वाया जाते.

पाटावरवंटा

कृती छान. पण मुरवताना लिंबू नाही, हे पटत नाही. मीठ-हळद-लिंबू हा आपल्याकडचा पहिला हात आहे. त्यानंच माशाचा वास जातो. लिंबू वगळलं तर हिवस वास राहील.

दर्याकाठ

@पाटावरवंटा, वासाबद्दलचं तुमचं म्हणणं बरोबर आहे आणि त्यामागे कारणही आहे. समुद्री मासा मेल्यानंतर त्यात ट्रायमिथाइलअमाइन तयार होतं, तोच तो वास. आम्लाशी संयोग झाला की ते हवेत उडत नाही, म्हणून नाकाला लागत नाही. तेव्हा वासासाठी लिंबू लावायचं असेल तर जरूर लावा, पण धुण्यासाठी : १ मोठा चमचा रस, चिमूटभर मीठ, ५ मिनिटं, आणि स्वच्छ पाण्यानं काढून टाका. त्यानंतर वरचे दोन टप्पे.

अडचण होते ती लिंबू लावून तासभर ठेवल्यावर. कागदी लिंबाच्या रसात साधारण ६ टक्के सायट्रिक आम्ल असतं. ते माशाची प्रथिनं विस्तवाशिवायच शिजवतं. तुकडीची कड पाहा : आरपार दिसणारा करडा रंग जाऊन २० मिनिटांत दुधाळ पांढरा होतो. तो थर भाजताना दुसऱ्यांदा शिजतो, पाणी सोडतो, खडूसारखा भुगभुगीत होतो आणि जाळीला चिकटून निघून येतो. तळणीत हे दडतं, कारण वर रव्याचं कवच असतं. जाळीवर दडायला जागा नाही.

तासभर मुरवायचंच असेल तर सालीचा कीस वाढवा. सालीत आम्ल जवळजवळ नाही, सगळं सुगंधी तेल आहे, आणि ते लावलेल्या तेलात उतरतं.

संत्रानगरी

नदीतळ्याच्या माशाबद्दल एक भर. रोहू-कटल्याला जो मातकट वास येतो तो वेगळ्या द्रव्याचा, जिओस्मिनचा. तेही आम्लात मोडतं. त्यामुळे विदर्भात हा मासा करताना लिंबाचं धुणं टाळू नका, उलट १० मिनिटं ठेवा आणि मग धुवा. मात्र रोहूच्या बारीक दुहेरी काट्यांमुळे जाळीवर मोठी तुकडी खाणं त्रासाचं होतं. पाठीकडच्या भागाला दोन्ही बाजूंनी दर अर्ध्या सेंटिमीटरला चिरा द्याव्या लागतात.

आता संत्र्याबद्दल. नागपुरी संत्र्याचे दोन बहार बाजारात येतात. आंबिया बहाराचं फळ दिवाळीच्या आगेमागे, मृग बहाराचं फेब्रुवारी-मार्चात. आंबियाचं जरा आंबट असतं, तेच या सॉसला चांगलं. मृगाचं गोड फळ आटवलं की सॉस सरबताकडे झुकतो. तेच हाताशी असेल तर रस १०० ऐवजी ७० मिली घ्या आणि लिंबू अर्धा चमचा वाढवा.

लिंबाऐवजी संत्र्याची साल किसून घालायची असेल तर : नागपुरी संत्र्याची साल पोकळ आणि सैल असते, किसणीवर ती दबते आणि फाटते. फळ अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवून, न सोलता, अगदी बारीक किसणीवर हलक्या हातानं फिरवायचं. फक्त नारिंगी रंग उतरवायचा. खालचा पांढरा पापुद्रा आला की सॉस कडू झालाच, आणि तो कडूपणा साखरेनं झाकला जात नाही. मोसंबीचा रस मी सुचवणार नाही. आम्ल फारच कमी, आणि पिळून ठेवला की थोड्या वेळात कडसर होतो.

मूठभर_कोथिंबीर

सॉस शेवटपर्यंत छान दाट होता, वाढायच्या वेळी गरम केला आणि फुटला. वर तूप, खाली फोडी. काय चुकलं? आणि आता वाचवता येईल का?

मंद_आच

वाचवता येईल. आधी ते सांगतो. दुसऱ्या पातेल्यात १ मोठा चमचा क्रीम (नसेल तर कोमट पाणी) घ्या, अगदी बारीक आचेवर, आणि फुटलेला सॉस चमच्या-चमच्यानं त्यात फेटत न्या. पहिले तीन चमचे सावकाश, प्रत्येक पूर्ण मिसळल्याशिवाय पुढचा नाही. चौथ्या-पाचव्या चमच्याला तो पुन्हा एकजीव दिसायला लागेल. शेपू-कोथिंबीर आधी घातली असेल तर ती तपकिरी पडली असेल. ती गाळून काढा आणि शेवटी ताजी घाला.

चूक गरम करण्यातच झाली. बटरमध्ये किमान ८० टक्के स्निग्धांश, साधारण १६ टक्के पाणी आणि थोडा दुधाचा घन भाग असतो. फेटल्यावर तुपाचे बारीक थेंब पाण्यात विखुरतात आणि दुधातली प्रथिनं त्यांना वेगळं धरून ठेवतात. सॉस ५८ अंशांच्या वर गेला की थेंब फुटून एकत्र येतात. ३० अंशांच्या खाली गेला तर तूप थिजतं, आणि असा थिजलेला सॉस पुन्हा गरम केला की फुटतोच. म्हणजे खेळ ३० ते ५८ या पट्ट्यात आहे, आणि ५० च्या आसपास ठेवला तर दोन्हीकडे जागा राहते. थर्मामीटर नसेल तर पातेल्याच्या बाहेरून तळाला बोट लावा : गरम लागतं पण दोन सेकंद धरवतं, तेवढं.

फुटण्याआधी तो इशारा देतो. पातेल्याच्या कडेला चकाकती पिवळी रेघ दिसायला लागते. ती दिसली की त्याच क्षणी पातेलं खाली उतरवून बटरचा थंड तुकडा टाकून फेटायचं, नव्वद टक्के वेळा सावरतो. बरोबर झालेला सॉस चमच्याच्या पाठीवर पातळ सायीसारखा बसतो, आणि त्यात बोटानं ओढलेली रेघ मिटत नाही.

पाहुणे येईपर्यंत ठेवायचा तर पुन्हा गरम करण्याचा प्रश्नच येऊ देऊ नका. चहाचा थर्मास नळाच्या गरम पाण्यानं (उकळत्या नाही) विसळून त्यात सॉस भरा. तासभर छान राहतो. शेपू-कोथिंबीर मात्र वाढताना. आम्लात हिरवा रंग दहा-पंधरा मिनिटांतच मळकट व्हायला लागतो.

हा सॉस मुळात फ्रान्सच्या ल्वार नदीकाठचा, नांतच्या परिसरातला. तिथे व्हिनेगर, वाइन आणि छोट्या कांद्यांवर बटर फेटतात आणि नदीच्या माशाबरोबर खातात. आपण व्हिनेगर-वाइनच्या जागी संत्रं-लिंबू घेतो. व्हिनेगर आटवला की चव गोळा होते. कागदी लिंबाचा रस आटवला तर ताजेपणा जातो आणि नुसता झोंबरा आंबटपणा उरतो. म्हणून @दर्याकाठ यांनी आटवायला संत्रं आणि शेवटी लिंबू हा जो क्रम दिलाय, तो उलटा करू नका.

पाटावरवंटा

धुण्याचा मुद्दा मान्य. घरचं लोणी चालेल का?

मंद_आच

चालेल, पण ताक पूर्ण निघालेलं हवं. बर्फाच्या पाण्यात तीन-चार वेळा, पाणी नितळ येईपर्यंत धुवा, मग तळव्यानं दाबून पाणी काढा आणि वडी करून फ्रिजमध्ये कडक होऊ द्या. विरजणाच्या लोण्याला स्वतःचा आंबटपणा असतो, त्यामुळे लिंबू अर्धा चमचा कमी. बाजारचं पिवळं खारं बटर घेतलं तर सॉसात वेगळं मीठ नको आणि माशाचं मीठही १० ऐवजी ८ ग्रॅम करा. पातेलं स्टीलचंच. बिनकल्हईच्या पितळेत किंवा अॅल्युमिनियममध्ये आंबट रसाला धातूची चव येते.

माडाखाली

लिंबू आणि संत्र्यापलीकडे एक गोष्ट दक्षिण कोकणात आणि गोव्यात दारातच आहे, ती कुणीच काढली नाही : तिरफळ. ते लिंबाच्याच कुळातलं, रूटेसी. (कढीपत्ताही त्याच कुळातला.) वाळलेलं तिरफळ चिमटीत चुरडून नाकाशी धरा. आधी लिंबाच्या सालीचा वास येतो, मग मिरीचा, आणि जिभेला लावलं की हलकी झिणझिणी. बांगड्याच्या तिखल्यात (दाट, तिखट कालवणात) ते जे काम करतं तेच बटर सॉसात करतं : तेलकट माशाचा जडपणा उतरवतं.

वापरायची रीत : ८ तिरफळं उकलून आतलं काळं बी फेकायचं, टरफल तेवढं ठेवायचं. बी कचकचतं आणि कडवट लागतं. टरफलं खलबत्त्यात एकदाच दाबायची, पूड करायची नाही. संत्र्याचा रस आटवताना शेवटच्या ३ मिनिटांत टाकायची आणि बटर घालण्याआधी गाळून काढायची. वाटून घातलं तर सगळा सॉस कडू आणि जीभ बधिर. तिरफळ घालाल तेव्हा माशाला लसूण लावू नका. तिखल्यातही सहसा लसूण नसते, दोघांचे वास एकमेकांना मारतात.

शेपूऐवजी गवती चहा घ्यायचा असेल तर दोन पात्यांची गाठ मारून त्याच आटवणीत. ती चावायची नसते, गाठ उचलून टाकायची.

वाळवंटातला_खलाशी

आखातात राहणाऱ्यांसाठी : सुरमई इथे 'कनद' नावानं मिळते. जाड कापून मागितली तर लगेच देतात. इथे ओमानचं वाळवलेलं काळं लिंबू, लूमी, सगळीकडे असतं. ते फोडून बिया काढायच्या, उरलेलं कुटून अर्धा छोटा चमचा पूड मुरवणीच्या तेलात. ताज्या रसासारखं मांस शिजवत नाही, कारण एवढ्या पुडीत ओलावा नाही आणि आम्लही थोडंच. चव आंबट-धुरकट येते. बिया राहिल्या तर कडू होतं.

गॅसच्या ग्रिलवर करणाऱ्यांनी एक बर्नर मोठा आणि एक बंद ठेवून तोच 'निखारे आणि मोकळी बाजू' हिशोब साधायचा. झाकण लावून तापमान २३० ते २५० अंश.

रिकामी_गच्ची

फ्लॅटमध्ये कोळशाची शेगडी शक्य नाही. काय पर्याय?

दर्याकाठ

आधी सांगतो, बंद बाल्कनीत किंवा स्वयंपाकघरात कोळसा पेटवू नका, खिडकी उघडी असली तरी. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो.

पर्याय क्रमानं : ओव्हनची वरची ग्रिल कॉइल (१० मिनिटं आधी तापवून, मासा कॉइलपासून १० सेंमीवर, ट्रेऐवजी तारेच्या जाळीवर, एका बाजूनं ७ मिनिटं आणि उलटून ३). मग बिडाचा पट्ट्यांचा तवा. तो मध्यम आचेवर ६-७ मिनिटं तापवायचा, तेल तव्याला नाही, माशाला लावायचं. एअर फ्रायरमध्ये मासा चांगला शिजतो पण पट्टे उमटत नाहीत आणि धूर नाही, त्यामुळे चव वेगळी. २०० अंश, ९ ते १० मिनिटं.

मूठभर_कोथिंबीर

सॉस वाचला, धन्यवाद! आता जाळीला चिकटण्याबद्दल. तेल लावूनही कातडी फाटते.

जाळीदार

चिकटण्याची कारणं तीनच असतात, आणि तेल कमी पडणं हे त्यांतलं सगळ्यात शेवटचं. पहिलं, मासा ओला. ओल्या पृष्ठभागाचं तापमान पाणी उडेपर्यंत १०० च्या पुढे जात नाही, तोवर प्रथिनं धातूला धरून बसतात. दुसरं, जाळी थंड किंवा जळक्या अवशेषांनी भरलेली. तिसरं, घाई. पहिल्या बाजूला कवच धरलं की मासा आपोआप सुटतो. पलट्याचं पातळ टोक कडेखाली घालून किंचित उचला. ओढ जाणवली तर सोडून द्या आणि अजून एक मिनिट थांबा. जोर लावायचा नाही.

भाजताना वरून बटर लावण्याची सवय असेल तर ती सोडा. बटरमधला दुधाचा भाग जळतो, थेंब निखाऱ्यावर पडतात, भडका उठतो आणि काजळीची कडू चव माशावर बसते. ओलावा द्यायचाच तर उलटल्यानंतर एकदा ब्रशनं तेल किंवा साजूक तूप. भडका उठलाच तर पाणी शिंपडू नका, राख उडून माशावर बसते. मासा मोकळ्या बाजूला सरकवा.

अख्खा मासा (बांगडा, पापलेट, छोटा जिताडा) असेल तर दोन पाळ्यांची, दांड्याची मिटणारी जाळी घ्या. उलटताना मासा हलत नाही. बांगड्याला प्रत्येक बाजूला तीन तिरप्या चिरा, काट्यापर्यंत, आणि चिरांमध्ये मसाला बोटानं दाबून. प्रत्येक बाजू ४ मिनिटं. पापलेट ३५० ग्रॅमच्या आसपासचं घ्या, ते साडेचार मिनिटं. तळहाताएवढी पापलेटं जाळीवर नुसती वाळतात. शिवाय २०२३ पासून पापलेट महाराष्ट्राचा राज्यमासा आहे, आणि त्याची पिल्लंच विकत घेत राहिलो तर पुढे मोठं मिळणार नाही. बोंबील जाळीवर करायच्या फंदात पडू नका, त्यात पाणी इतकं असतं की तो पट्ट्यांमधून खाली गळतो.

माडाखाली

बांगडा आणि सुरमईबद्दल एक गंभीर सूचना. हे दोन्ही मासे, आणि कुपाही (ट्यूना), उबेत राहिले की त्यांत हिस्टामिन तयार होतं. ते शिजवून, भाजून किंवा लिंबू लावून जात नाही. खाल्ल्यावर चेहरा लाल होणं, खाज, डोकं दुखणं ही त्याची लक्षणं. बाजारातून बर्फात आणा, आणि मसाला लावून ओट्यावर ठेवू नका, वीस मिनिटांचं मुरवणंही फ्रिजमध्येच. खाताना जिभेला मिरीसारखं टोचलं आणि मसाल्यात तिरफळ नसेल, तर तो घास तिथेच थांबवा.

रिकामी_गच्ची

ओव्हनची पद्धत जमण्यासारखी आहे. पण सॉस फेटणं आणि मासा उलटणं एका वेळी एकट्यानं कसं करायचं?

मंद_आच

एकट्यानं करायचं तर सॉस सोडा, लोण्याची गुंडाळी करा. १०० ग्रॅम मऊ बटर, एका लिंबाची साल, २ चमचे रस (थोडा-थोडा घालून फेटत, नाहीतर बटर रस धरत नाही), २ मोठे चमचे शेपू, पाव चमचा मीठ. बटर पेपरवर पसरून अडीच-तीन सेंमी व्यासाची वळकटी करायची, दोन्ही टोकं टॉफीसारखी पिळायची आणि फ्रिजमध्ये २ तास. मासा उतरवला की १ सेंमीची चकती त्याच्या बाजूला, गरम ताटलीत. ती वितळून अर्धवट घट्ट, अर्धवट पातळ अशी असतानाच खायची. फ्रीझरमध्ये वळकटी महिनाभर टिकते. ताटल्या मात्र ओव्हनमध्ये कोमट करून घ्या, गार स्टीलच्या ताटलीत ती चकती तशीच बसून राहते.